निर्दोष मुक्ततेविरुद्धचे अपील आणि जळालेला शर्ट

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

खुनाच्या खटल्यांतून सुटलेल्या आरोपींबद्दल आपल्या पत्रांच्या सदरात गेल्या दोन आठवड्यांत चार पत्रे आली. चारही पत्रांचा सूर एकच : डोळ्यांनी पाहणारा साक्षीदार असताना आरोपी सुटतोच कसा, आणि सुटला तर सरकार लगेच अपील का करत नाही? एका पत्रलेखकांनी तर ‘हायकोर्टात दूध का दूध होईलच’ असे लिहून टाकले. त्यांना दुखवायचे नाही. पण हायकोर्टात नेमके काय जाते ते मला ठाऊक आहे, कारण जे जाते ते टाइप करण्यात माझी एकतीस वर्षे गेली.

शिवाजीनगरच्या जिल्हा न्यायालयात मी लघुलेखिका होते. सुरुवात टाइपरायटरवर झाली, शेवट संगणकावर. न्यायाधीशांच्या आसनाखाली उजव्या अंगाला माझी खुर्ची असे आणि साक्षीदाराचा पिंजरा समोर दोन हातांवर. साक्षीदाराच्या कपाळावरचा घाम मला साहेबांच्या आधी दिसायचा. तो घाम मी कधीच टाइप केला नाही, कारण घाम कुणी सांगत नाही आणि सांगितल्याशिवाय टाइप करायचे नाही, हा आमचा पहिला धडा.

आधी अपिलाचा रस्ता थोडक्यात सांगते. सेशन्स कोर्टाने खुनाच्या आरोपीला निर्दोष सोडले की सरकारला हायकोर्टात अपील करता येते. त्याची मुदत नव्वद दिवसांची आणि त्यातही आधी हायकोर्टाची परवानगी लागते. हे पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३७८ मध्ये होते, १ जुलै २०२४ पासून तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४१९ मध्ये आहे. मेलेल्या माणसाच्या घरच्यांना मात्र फार वर्षे काहीच हक्क नव्हता. सरकारने अपील केले तर केले, नाहीतर गप्प बसायचे. ३१ डिसेंबर २००९ पासून पीडिताला, म्हणजे खुनाच्या बाबतीत त्याच्या वारसांना, स्वतः अपील करता येऊ लागले. आणि त्यांना आधी परवानगी मागायची गरज नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये मल्लिकार्जुन कोडगली प्रकरणात स्पष्ट केले. हे किती जणांना माहीत आहे? निकालानंतर कोर्टाच्या जिन्यात रडत बसलेल्या किती बायकांना मी हे सांगितले असेल! दर वेळी पुढचा प्रश्न एकच असे, “बाई, मुंबईला किती खेपा घालाव्या लागतील?” त्याचे उत्तर अजून बदललेले नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला हायकोर्टाचे सर्किट बेंच आले, सहा जिल्ह्यांची सोय झाली, आनंद आहे. पुणे त्यात नाही. आपण आपले मुंबईची गाडी धरायची.

आता मुद्द्याचे. हायकोर्टात साक्षीदार पुन्हा उभा राहत नाही. अपवादाने जादा पुरावा घेता येतो, पण तो अपवादच. तिथे जाते ते पेपरबुक : साक्षी, पंचनामे, शवविच्छेदनाचा अहवाल, निकालपत्र, सगळे एकत्र बांधलेले. माणसाऐवजी माणसाने सांगितलेले, तेही त्याने सांगितले तसे नव्हे, तर साहेबांनी मला सांगितले तसे. सेशन्सच्या खटल्यात साक्ष सर्वसाधारणपणे निवेदनाच्या रूपात लिहावी, असा कायदाच आहे. प्रश्नोत्तरे जशीच्या तशी लिहून घेण्याची मुभा न्यायाधीशांना आहे, पण ती रोज कोण वापरणार? बोर्डावर तीस प्रकरणे असतात. म्हणून प्रश्न गळून पडतो आणि उत्तर एकटे उरते.

एक खटला सांगते. ओळख पटेल असे सगळे मुद्दाम गाळले आहे. एका पेठेतल्या बोळाच्या तोंडाशी संध्याकाळी एका पोरावर कोयत्याने वार झाले. रस्त्यावर माणसे होती, दुकाने उघडी होती. जबाब द्यायला पुढे आला तो एकच, कोपऱ्यावर झाडाखाली टेबल टाकून इस्त्री करणारा. धाराशिवकडचा, पन्नाशीचा, उन्हाने रापलेला. एका साक्षीदारावर शिक्षा होत नाही असा लोकांचा समज असतो, तो चुकीचा आहे. साक्षीदार किती असावेत असा आकडा कायद्यात नाहीच. सर्वोच्च न्यायालयाने १९५७ मध्येच वडिवेलू थेवर खटल्यात सांगितले की साक्षीदार मोजायचे नसतात, तोलायचे असतात. एक असला तरी पूर्ण विश्वासार्ह असला की पुरे.

सरतपास, म्हणजे सरकारी वकिलांनी आपल्या साक्षीदाराला आधी विचारायचे प्रश्न, नीट झाला. वार कसा झाला हे त्याने हात उचलून दाखवले. साहेबांनी सांगितले, मी टाइप केले : ‘साक्षीदार हाताने कृती करून दाखवतो.’ कोणती कृती, वरून खाली की आडवी, ते त्या वाक्यात नाही. किती अंतरावरून पाहिले, असे विचारल्यावर तो म्हणाला, “हितनं त्या पंख्याच्या बटनापतूर.” दोन्ही वकिलांची जुंपली, मग अंदाजाने आकडा ठरला आणि मी लिहिले, ‘सुमारे २५ फूट’. त्या बटणाजवळ पंखा लावायला मी दिवसातून चार वेळा उठायची. पंधरा फुटांच्या वर ते अंतर नव्हते. पण मला कोण विचारतो!

मग उलटतपास सुरू झाला. बचावाचे वकील मुरलेले, आवाज कधी चढवायचे नाहीत.

“इस्त्री करताना खाली बघून काम करता ना?”

“खाली बघावंच लागतंय. न्हाईतर कापड जळतंय.”

“म्हणजे हो.”

“व्हय. पर कालवा झाला तशी मान वर क्येली की. इस्त्री तशीच ऱ्हायली शर्टावर. शर्ट जळाला साहेब, कॉलरपाशी ह्येवढा. मालकाला दोनशे रुपये भरले म्या.”

“विचारलं तेवढंच सांगा.”

पावणेदोन वाजले होते. साहेबांनी घड्याळाकडे पाहिले आणि मला सांगितले : “हे खरे आहे की, इस्त्री करताना मी खाली बघून काम करतो.” मी टाइप केले. पुढचा प्रश्न आला.

‘हे खरे आहे की’ हे चार शब्द मी किती हजार वेळा टाइप केले असतील, देव जाणे. कोर्टाबाहेरच्या माणसाला वाटेल की ते साक्षीदाराचे शब्द आहेत. ते वकिलांचे असतात. साक्षीदार ‘हूं’ म्हणतो, मान हलवतो, कधी नुसता गप्प राहतो, आणि कागदावर अख्खे शुद्ध वाक्य त्याच्या तोंडी जाते. आमचा इस्त्रीवाला जन्मात कधी ‘हे खरे आहे की’ असे बोलला नसेल. अंधार पडला होता का, यावर तो “दिवेलागण झालती” असे म्हणाला होता. दिवेलागण म्हणजे अंधार नव्हे. दिवेलागणीला समोरचा माणूस चेहऱ्याने ओळखू येतो, हे ज्याचे बालपण वाड्याच्या ओसरीवर गेले त्याला सांगायला नको. कागदावर उमटले, ‘हे खरे आहे की, त्यावेळी अंधार पडू लागला होता.’ पेपरबुकसाठी पुढे त्याचे इंग्रजी झाले. तिथे त्या दिवेलागणीचे काय झाले असेल ते आपण समजून घ्या.

शर्टाचे राहूनच गेले. ज्या एका गोष्टीवरून कळत होते की या माणसाने मान वर केली, आणि इतका वेळ वर ठेवली की इस्त्रीखालचे कापड जळून गेले, ती गोष्ट नोंदीत आलीच नाही. सरकारी वकिलांना फेरतपासात, म्हणजे उलटतपासानंतर आपल्या साक्षीदाराला पुन्हा विचारताना, एक प्रश्न विचारून ती आणता आली असती. ते दुसऱ्या खटल्याची फाइल चाळत होते. ‘फेरतपास : नाही.’ पोलिसांपुढच्या जबाबातही शर्टाचा उल्लेख नव्हता. जबाब लिहून घेणाऱ्याला कोयत्याचे पडले होते, शर्टाचे कशाला असेल? पण त्यामुळे, समजा विचारलेच असते, तर बचाव पक्षाने ते ओमिशन, म्हणजे आधीच्या जबाबात नसलेली गोष्ट, म्हणून पुढे केले असते : ‘हे पोलिसांना का सांगितले नाही?’ मग साक्षीदाराच्या तोंडी आमचे ते ठरलेले वाक्य : ‘पोलिसांनी तसे का लिहिले नाही, याचे कारण मला सांगता येणार नाही.’ साक्ष संपल्यावर ती वाचून दाखवायची असते. दाखवली. साडेचार पाने, जेवणाच्या सुट्टीच्या तोंडावर, मी धाडधाड वाचली. त्याने सही केली. माझाही हात त्यात आहे, हे कबूल केलेले बरे.

आरोपी संशयाचा फायदा मिळून सुटला. निकालपत्रही मीच घेतले. ‘साक्षीदार स्वतःच्याच कबुलीनुसार खाली मान घालून काम करीत होता’ हे वाक्य लिहिताना हात अडखळला, पण लिहिले. सरकारने अपील केले. बऱ्याच वर्षांनी ते फेटाळले गेले. हायकोर्टाचा निकाल मी मागवून वाचला आणि खरे सांगते, त्या कागदांवर मीही तोच निकाल दिला असता.

कारण नियमच तसा आहे, आणि तो उगीच आलेला नाही. १९३४ मध्ये शिव स्वरूप खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे इंग्रजी अमलातल्या लंडनच्या सर्वांत वरच्या अपील कोर्टाने, सांगितले की अपिलात हायकोर्टाला सगळा पुरावा नव्याने तपासण्याचा पूर्ण अधिकार आहे. पण ज्या न्यायाधीशाने साक्षीदार समोर पाहिले त्याच्या मताला मान द्यावा, त्याचा निष्कर्ष बदलताना हात आखडता घ्यावा. २००७ च्या चंद्रप्पा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच पुन्हा मांडले : आरोपी मुळात निर्दोष धरायचा, त्यात खालच्या कोर्टाने त्याला सोडले म्हणजे ते गृहीतक दुप्पट झाले. पुराव्यावरून दोन निष्कर्ष सारखेच निघू शकत असतील, तर सुटकेचा निष्कर्ष मोडायचा नाही. मला हा नियम पटतो. आरोपी दोषीच होता, असे मी इस्त्रीवाल्याच्या खटल्यातही म्हणत नाही. मी फक्त साक्ष ऐकली, गुन्हा पाहिला नाही.

आणि उलटेही पाहिले आहे. दुसऱ्या एका खुनात मयताच्या पुतण्याने साक्ष दिली. कागदावर ती साक्ष नमुनेदार : तारीख, वेळ, हत्यार, कोणी कुठे मारले, कुठे विसंगती नाही. पण तो पोरगा पाढे म्हणावेत तसा बोलत होता. मध्ये अडवले की पुन्हा पहिल्यापासून सुरू. साहेबांनी दोनदा पेन खाली ठेवून त्याच्याकडे नुसते पाहिले. त्यांनी तो पढवलेला आहे हे ओळखले, आरोपींना सोडले, आणि निकालात त्याच्या वागण्याबोलण्यावर चार ओळी लिहिल्या. साक्षीदाराच्या हावभावांबद्दल शेरा लिहिण्याची तरतूद कायद्यात आहे, पण ती मी फार थोड्यांना वापरताना पाहिले. त्या चार ओळी नसत्या तर वर वाचणाऱ्याला ती साक्ष सोन्यासारखी वाटली असती. नातेवाईक म्हणून साक्ष टाकायची नसते, हे तर सर्वोच्च न्यायालय १९५३ च्या दलीप सिंग खटल्यापासून सांगत आले आहे. जवळचा माणूस खऱ्या खुन्याला सोडून भलत्याला कशाला अडकवेल? बरोबर. पण कधी कधी अडकवतो.

म्हणजे सगळा नियम एका गोष्टीवर उभा : ‘न्यायाधीशाने साक्षीदाराला पाहिले’. आता एक उघडे गुपित सांगते. पुष्कळदा ज्याने पाहिले त्याने निकाल लिहिलेलाच नसतो. साधारण तीन वर्षांनी बदली होते. खुनाचा खटला त्याहून जास्त चालतो. कायद्याने नव्या न्यायाधीशाला आधीच्याने नोंदवलेल्या पुराव्यावर पुढे जाता येते, आणि तसे केले नाही तर सगळा खटला पुन्हा पहिल्यापासून चालवावा लागेल, तेही परवडणारे नाही. पण मग नवे साहेब काय वाचतात? मी टाइप केलेले. हायकोर्टाइतकेच तेही कागद वाचतात, फक्त चार वर्षे आधी. अशा निकालालाही ‘साक्षीदार समोर पाहिले’ म्हणून तोच मान द्यायचा का? याचा विचार कुणी तज्ज्ञांनी करावा. मी लघुलेखिका.

दिल्लीतल्या जेसिका लाल या मॉडेलच्या खुनाच्या खटल्याचे उदाहरण आपल्या एका पत्रलेखकांनी दिले आहे. ते खरे आहे. फेब्रुवारी २००६ मध्ये सगळे सुटले आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये दिल्ली हायकोर्टाने त्याच कागदांवरून शिक्षा दिली, २०१० मध्ये ती सर्वोच्च न्यायालयानेही कायम केली. साक्षीदार फितूर झाले तरी उरलेल्या पुराव्याची संगती लागते, हे त्यात दिसले. पण त्या अपिलामागे अख्खा देश उभा होता. बोळाच्या तोंडाशी मेलेल्या पोराच्या मागे त्याची आई होती आणि एक इस्त्रीवाला.

आपल्या पुण्यातलेच पाहा. डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून २० ऑगस्ट २०१३ ला ओंकारेश्वराजवळच्या पुलावर सकाळी झाला. मी तेव्हा शनिवार पेठेत राहत होते, रोज त्याच पुलावरून जायची. आरोपनिश्चिती सप्टेंबर २०२१ मध्ये झाली. म्हणजे ज्यांनी त्या सकाळी काही पाहिले त्यांना ते कोर्टात सांगायला आठ वर्षांहून अधिक थांबावे लागले. १० मे २०२४ ला दोघांना जन्मठेप झाली, तिघे निर्दोष सुटले. निकालावर मी बोलणार नाही, तो माझा अधिकार नाही. पण आठ वर्षांपूर्वीची एक सकाळ आठवताना माणूस कुठे थांबतो, कुठे न थांबता बोलतो, हे ज्याला वर बसून ठरवायचे त्याला ते दिसायला तरी हवे की नको?

म्हणून माझे एवढेच म्हणणे : साक्षीचे चित्रीकरण करा. ही काही माझी नवी कल्पना नाही. मॅजिस्ट्रेटपुढच्या वॉरंट खटल्यांत, म्हणजे दोन वर्षांहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांत, साक्षीचे ध्वनिचित्रमुद्रण करता येईल, अशी दुरुस्ती ३१ डिसेंबर २००९ पासून होती. खून ज्या कोर्टात चालतो त्या सेशन्सच्या कलमात मात्र ती घातली नव्हती. आता नव्या संहितेच्या कलम २५४ मध्ये सेशन्ससाठीही ती आली आहे. शब्द तोच : ‘करता येईल’. याच संहितेत पोलिसांनी झडती आणि जप्ती करताना चित्रीकरण केलेच पाहिजे, असे कलम १०५ आहे, मोबाइलवर करा पण करा. कोयता जप्त करतानाची फिल्म सक्तीची, आणि कोयता चालवताना पाहिलेल्या माणसाची फिल्म मर्जीची! हे उलटे नाही का? सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाचे कामकाज २०२२ पासून आपण घरी चहा पीत बघतो. शिवाजीनगरला कोर्टासमोर मेट्रोचे स्थानक झाले, आत पिंजऱ्यासमोर एक कॅमेरा बसायला काय हरकत आहे?

हरकती मला माहीत आहेत. साक्षीदार बुजतील. बुजतात तसेही, समोर आरोपीचे दहा मित्र बसलेले असतात तेव्हा. फिल्म बाहेर फुटेल. तर ती मोहोरबंद ठेवा, हायकोर्टाने मागितली तरच पाठवा. न्यायमूर्ती तासन्‌तास फिल्म कधी बघणार? सगळी बघू नयेच. वादाची पाच मिनिटे बघावीत. इस्त्रीवाल्याची तर दीड मिनिटे पुरली असती.

निवृत्तीनंतर एकदा तो मला भेटला. टेबल आता दुसऱ्या गल्लीत हलवले आहे, आधीची जागा त्याला सोडावी लागली, का ते मी विचारले नाही. मला ओळखून उठून उभा राहिला. म्हणाला, “बाई, त्या शर्टाचं लिवलं हुतं न्हवं तुमी?” मी माझ्या दोन साड्या त्याच्यापुढे ठेवल्या आणि कधी मिळतील ते विचारले.

पत्र लांबले आहे, याची कल्पना आहे. जागेअभावी कापावे लागले तर कलमांचे आकडे आणि खटल्यांची नावे खुशाल कापा. शर्टाचे तेवढे राहू द्या.

आपली,
एक निवृत्त लघुलेखिका
पुणे
(नाव व पत्ता आपल्याकडे वेगळ्या कागदावर दिला आहे, कृपया छापू नये.)